गर्दी बोलेल, माणूस बोलणार नाही

३ तारीख, सोमवार

आज दिवसभर मी प्रमुख पाहुणा होतो. म्हणजे पाहुण्याचे पाय होतो. मामाने पत्र्याच्या ट्रेमध्ये खडी पसरली, मला टाचेचे जुने बूट घालायला लावले आणि सांगितलं, पडद्यावरचा माणूस चालला की चालायचं, थांबला की थांबायचं. पडद्यावर पन्नास वर्षांपूर्वीचा एक ढेरपोट्या पाहुणा नव्या पुलाची फीत कापायला निघाला होता.

"पाय नुसते आपटू नकोस," मामा काचेपलीकडून म्हणाला. "पायांत पोट ऐकू आलं पाहिजे. तू चालतोस म्हणजे चप्पल चोरून पळाल्यासारखा."

दुपारी मी दोन करवंट्या घेऊन फौजदाराचा घोडा झालो. संध्याकाळी शाळेच्या सगळ्या मुली झालो, रांगेने. इतकं चालून मी एकाच जागी आहे, हे आईला सांगितलं तर ती म्हणेल, "नवीन काय त्यात?"

पुलाला पन्नास वर्षं झाली म्हणून चॅनलसाठी डॉक्युमेंटरी चालली आहे. उद्घाटनाचं फुटेज म्हणून जगात एकच फीत उरली आहे, सरकारी खात्याच्या गोदामात सापडलेली, आणि ती मुकी. माणसं हसतात, टाळ्या वाजवतात, बँडवाले गाल फुगवतात, आणि आवाजाच्या नावाने शंख. तो आवाज घालायचं काम मामाचं, आणि मी मामाचा मदतनीस. मी कॉलेज सोडलं तेव्हा त्याने मला इथे आणलं. आईच्या मते कॉलेजने मला सोडलं. प्राध्यापकाशी माझा जो वाद झाला त्यात मुद्दा माझाच बरोबर होता, फक्त त्यांचं टेबल मध्ये आलं. तेव्हापासून बाबा माझ्याशी आईमार्फत बोलतात. "त्याला सांग मीठ दे." मीठ माझ्याच हातात असतं. इथेही टिकलो नाही तर काकाच्या फरशीच्या दुकानात बसायचं, असा निरोपही आईमार्फतच आलाय.

पण मी इथे टिकणार आहे. कारण काचेच्या दुसऱ्या बाजूच्या खोलीत कात्री बसते. ती या फिल्मची संकलक. तिचं खरं नाव मी इथे लिहिणार नाही, कारण ताईला दुसऱ्याच्या उशीखाली हात घालायची सवय आहे. (ताई, वाचत असशील तर वही होती तशी ठेव.) कात्री मला "अर्धवट" म्हणते. म्हणते, एक काम पुरं करून दाखव, नाव बदलीन.

४ तारीख, मंगळवार

आज दिग्दर्शकाने मीटिंग घेतली. त्यांना आम्ही पाठीमागे सत्यवान म्हणतो. मागच्या फिल्ममध्ये त्यांनी एका नदीच्या पुराला दुसऱ्याच नदीचं फुटेज लावलं होतं. लावलं सहाय्यकाने, पण नाव त्यांचं गेलं. एका शाळामास्तरने चॅनलला कळवलं की आमच्या नदीला उजव्या काठावर देऊळ नाही, आणि ह्यांची पार शोभा झाली. तेव्हापासून त्यांना सत्याचा झटका आलाय.

"मुकं आहे ते मुकंच दाखवायचं," ते म्हणाले. "आपण त्या माणसांच्या तोंडात काहीही घालायचं नाही."

चॅनलच्या चष्मेवाल्या बाई म्हणाल्या, "दहा मिनिटं शांतता ठेवलीत तर प्रेक्षक उठून दुसरीकडे जाईल. आणि बहुतेक झोपायलाच."

शेवटी तह झाला. पाऊल वाजेल, वारा वाजेल, बँड वाजेल. लोकांचा गलका असेल, पण त्यात एक शब्दही कळता कामा नये. सत्यवानांनी फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहिलं: गर्दी बोलेल, माणूस बोलणार नाही. खाली सही केली. तसंच चॅनलला लिहूनही दिलं. बाईंनी शांतपणे सांगितलं की पुन्हा मागच्यासारखं काही झालं तर फिल्म दुसऱ्याकडे देऊ. म्हणजे आपण सगळे घरी. म्हणजे मी फरशीच्या दुकानात.

कात्री फळ्याकडे बघून म्हणाली, "पाटी छान आहे. आमच्या बिल्डिंगच्या मीटिंगलाही लावायला हवी."

तिचं हसणं डाव्या गालातून सुरू होतं. याची नोंद कुठेतरी हवी म्हणून लिहितोय.

७ तारीख, शुक्रवार

निवेदन वाचायला आज तो आला. मी त्याचं नाव मधघशा ठेवलंय. "पूल" हा शब्द असा म्हणतो की जणू तोच बांधलाय. कोमट पाणी पितो, घसा खाकरतो, आणि दर वाक्यानंतर काचेतून कात्रीला विचारतो, "कसं वाटलं?" ती म्हणते, "छान." मी खडीत दिवसभर चाललो तेव्हा मला कुणी छान म्हटलं नाही.

मी त्याला सांगितलं की तुम्ही श्वास फार घेता. तो म्हणाला, "श्वास घेतला नाही तर मरेन." मी म्हटलं, "माझी हरकत नाही." मामाने मला बाहेर काढलं.

पण बाहेर काढायच्या आधी त्याच्या घसा खाकरण्याचं रेकॉर्डिंग माझ्याकडे होतं. ते मी पाचपट मंद केलं आणि पूल व्हायच्या आधीची जी लाँच फुटेजमध्ये दिसते तिच्या इंजिनाला लावलं. अगदी बसलं. इंजिन सुरू होताना कुंथतं तेही आलं. सत्यवान म्हणाले, "वा, हा खरा जुन्या लाँचचा आवाज. कुठून मिळवला?" मामा म्हणाला, "जुना साठा."

कात्रीला मात्र मी खरं सांगितलं. ती इतकी हसली की तिला हेडफोन काढून ठेवावा लागला. डोळे पुसत म्हणाली, "अर्धवट, तू एक दिवस आम्हा सगळ्यांना घरी बसवणार."

याचा अर्थ तिला माझ्या स्वभावाची चीड आहे. साहजिक आहे.

८ तारीख, शनिवार

आज गर्दी रेकॉर्ड केली. मामाचं म्हणणं, बाहेरची माणसं आणली की ती अभिनय करतात. घरची माणसं नुसती कुरकुर करतात आणि आपल्याला तीच हवी आहे. म्हणून आई, ताई, शेजारच्या काकू, वॉचमन आणि बाबासुद्धा आले. बाबा येतील असं वाटलं नव्हतं. "त्याला सांग, मी मेव्हण्याने बोलावलं म्हणून आलोय," ते आईला म्हणाले.

सूचना एकच. पडद्याकडे बघायचं आणि पुटपुटायचं, कुणाला काही कळता कामा नये. आईने किराण्याची यादी पुटपुटली. ताईने काकूंना सासूबद्दल सांगायला घेतलं, मग दोघींना थांबवता थांबवता मामाच्या नाकी नऊ आले. बाबांचा आवाज जड म्हणून त्यांना कोपऱ्यात वेगळा माइक दिला होता.

बाबा पडद्याकडे बघत नव्हते. काचेतून माझ्याकडे बघत होते, आणि ओठ सारखे हलत होते. हेडफोन मामाच्या कानावर होता, मला ऐकू येत नव्हतं. पण ऐकायची गरज काय? कॉलेज सोडल्यापासून जे जे साठलं होतं ते सगळं त्या पुलावर ओतणं चाललं होतं.

"झकास," मामा म्हणाला. "भाऊजी, अगदी खऱ्या गर्दीसारखं."

"अजून एकदा घ्या," बाबा म्हणाले. "माझं राहिलंय."

म्हणजे आता पुलाच्या उद्घाटनाला जमलेले हजारभर लोक कायमचे मला शिव्या देत राहणार. इतिहासात असा अपमान फार थोड्यांचा झाला असेल.

१२ तारीख, बुधवार

आज फुटेजमध्ये एक पोरगा सापडला. पाहुणा फीत कापतो, गर्दी पुढे सरकते, आणि कठड्याशी सायकल धरून एक जण उभा आहे. बाह्या दुमडलेल्या, केस कपाळावर. त्याच्या पुढे दोन वेण्यांची मुलगी, उन्हासाठी छत्री घेतलेली. तो तिच्याकडे वळून काहीतरी म्हणतो. छोटंसंच वाक्य. ती मागे वळते, त्याच्याकडे बघते, आणि छत्रीचं टोक त्याच्या पोटात टोचते. तो हसतो. शॉट संपला.

मी तो पंधरा-वीस वेळा पाहिला असेल. काय म्हणाला असेल? असं काय म्हणावं की एखादी मुलगी छत्री टोचेल आणि तरी तिथून हलणार नाही? मला ते वाक्य हवंय.

कात्रीला दाखवलं. ती बराच वेळ बघत राहिली. "चांगला दिसतो," म्हणाली.

पन्नास वर्षांपूर्वीच्या माणसाचा हेवा करणारा मी पहिलाच नसेन, पण त्याच्या सायकलची हवा सोडावी असं वाटणारा पहिलाच असेन.

१३ तारीख, गुरुवार

आज केलं. मामा बाहेर गेला होता. आरशासमोर ओठ हलवून हलवून मी वाक्य शोधत होतो, आणि सापडलं. "तुझ्याशिवाय मला करमत नाही." मध्ये त्याचे ओठ मिटतात तिथे बरोबर "मला"चा म येतो. शेवटी तोंड उघडं राहतं तिथे "नाही". त्या पोराच्या तोंडात जणू माझीच जीभ होती.

माइकसमोर एकदाच म्हटलं. दुसऱ्यांदा म्हणायचा धीर झाला नाही. मग ते गर्दीच्या खाली, वाऱ्याच्या खाली, बाबांच्या शिव्यांच्याही खाली दाबून ठेवलं. टीव्हीवर कुणाला ऐकू जाणार नाही. पण कात्री हेडफोन लावून एकेक ट्रॅक ऐकते. तिला ऐकू जाईल. माझा आवाज ती ओळखेल. मग काय ते होऊन जाऊ दे.

हा नियमभंग आहे हे मला कळतं. पण नियम टीव्हीसाठी आहे. हे टीव्हीसाठी नाहीच.

१७ तारीख, सोमवार

तिने ऐकलं नाही.

म्हणजे ऐकत होती. मी काचेतून बघत होतो. कठड्याचा शॉट आला. तिने तो मागे घेतला, पुन्हा लावला, पुन्हा मागे घेतला. मग हेडफोन काढून माझ्याकडे न बघता म्हणाली, "पुलावर वारा फार झालाय. कमी कर."

वारा. माझ्या आयुष्याचा प्रश्न आणि हिला वाऱ्याची पडलीय. मी वारा इतका कमी केला की पुलावर पान हलणार नाही. मामा म्हणाला, "अरे, नदीवर आहोत आपण, कपाटात नाही." मी म्हटलं, तिला विचार.

१९ तारीख, बुधवार

तिने तो शॉट दोन सेकंदांनी वाढवलाय. पाहुण्याची फीत कमी केली आणि सायकलवाल्याला जागा दिली. सत्यवानांनी कारण विचारलं तर म्हणाली, "लोकांना पाहुण्यात रस नसतो." तिला तो आवडला आहे. कपाळावर केस सोडले की झालं.

जेवणाच्या सुट्टीत मला विचारते, "त्या मुलाचा आवाज कसा असेल रे?"

मी तापलेलोच होतो. म्हटलं, "घोगरा. आणि थोडा बोबडाही."

"असं?" ती म्हणाली. "मला वाटलं, घाबरलेला असेल. खूप दिवस पाठ केल्यासारखा."

मी डबा बंद करून उठलो. मधघशाने लगेच माझी खुर्ची घेतली. त्याला ती म्हणाली, "तिथे माणूस बसलाय." तो म्हणाला, "कुठे?" ती म्हणाली, "येईल." रिकाम्या खुर्चीसाठी भांडते, ही तिची शिस्त आहे. सगळ्यांच्याच बाबतीत तशी असेल.

२१ तारीख, शुक्रवार

उद्या प्रीव्ह्यू. चॅनलची माणसं येणार, आणि सत्यवानांनी हौसेने त्या दिवशी पुलावर हजर असलेली आठ-दहा म्हातारी माणसं शोधून बोलावली आहेत. "साक्षीदारांसमोर दाखवू," म्हणतात. "बघू दे कुणाला चूक सापडते का."

ते वाक्य काढून टाकावं म्हणून सकाळी लवकर गेलो. तर प्रीव्ह्यूपुरता आवाज कात्रीच जुळवत बसली होती. दार आतून बंद. मी ठोठावलं.

"काय हवंय?"

"गर्दीचा एक ट्रॅक परत करायचाय. नीट झाला नाहीये."

"छान झालाय," दाराआडून उत्तर आलं. "तुझं पुरं झालेलं पहिलं काम आहे. हात लावू नकोस."

मामाला सांगायला गेलो तर तो बिस्किट चहात बुडवत म्हणाला, "ती हात लावू नकोस म्हणते ना? मग नको लावूस." हे दोघं मिळून मला खड्ड्यात घालणार आहेत आणि त्यांना कल्पनाही नाही.

२२ तारीख, शनिवार

क्रमाने लिहितो.

लहानसा हॉल. पुढे चष्मेवाल्या बाई आणि त्यांचे साहेब, मागे म्हातारी मंडळी, त्यामागे आम्ही. लाँच खाकरत आली. पाहुण्याच्या पायांत पोट ऐकू आलं. फीत कापली, टाळ्या झाल्या. मग कठडा. वारा नव्हता, तो मीच काढला होता. गर्दी एकदम मागे गेली, आणि अख्ख्या हॉलमध्ये माझा आवाज, लखलखीत:

"तुझ्याशिवाय मला करमत नाही."

"थांबवा ते," तिसऱ्या रांगेतून आवाज आला.

दिवे लागले. एक आजी काठी टेकून उभ्या होत्या.

"ती छत्रीवाली मी आहे," त्या म्हणाल्या. "आणि तो सायकलवाला म्हणजे हा." काठी शेजारच्या आजोबांकडे वळली. टक्कल, कानात मशीन, चेहऱ्यावर कमालीचं समाधान. "पण हा असलं काही बोललेला नाही."

"बोललो की," आजोबा म्हणाले.

"कधी?"

"आत्ता ऐकलं ना सगळ्यांनी."

"ओळख ना पाळख, आणि याला माझ्याशिवाय करमत नव्हतं? तोवर यानं मला पाहिलंही नव्हतं. माझी छत्री पाहिली होती. म्हणाला, छत्री बाजूला घे, काही दिसत नाही. म्हणून तर टोचली."

"सारं आयुष्य ऐकतोय, तू कधी गोड बोलला नाहीस, कधी गोड बोलला नाहीस," आजोबा हॉलला सांगू लागले. "आता सापडला पुरावा. सरकारी फीत आहे. खोटी असेल का?"

"फीत खरी असेल. तू खोटा आहेस."

हॉल हसत होता. सत्यवान हसत नव्हते. त्यांचा चेहरा धुतलेल्या फळ्यासारखा झाला होता. चष्मेवाल्या बाई मागे वळल्या. "तुम्ही आम्हाला लिहून दिलं होतं. माणूस बोलणार नाही."

"कुणी बोलवलं माणसाला?" सत्यवानांनी विचारलं. ओरडले असते तर बरं झालं असतं.

मामाकडे बघायला लागले तेव्हा मी उठलो. "मी. मामाला माहीत नव्हतं. आवाजही माझाच आहे."

आणि माझ्या शेजारून कात्री उठली. "आवाज वर मी घेतला. वाराही मीच काढायला लावला होता."

मला वाचवायला ती धडधडीत खोटं बोलली. नोकरी पणाला लावली. इतक्या मोठ्या मनाची मुलगी मी पाहिली नाही. मी तिथल्या तिथे म्हटलं, "तिचं ऐकू नका, ती उगीच स्वतःवर घेतेय." मामाने कपाळाला हात लावला आणि पुटपुटला, "गाढवा." हे कुणाला उद्देशून होतं कळलं नाही.

आजींनी मला जवळ बोलावलं. नीट न्याहाळलं. "कुणासाठी म्हणालास रे ते?"

"सहजच. ओठ जुळत होते."

आजी माझ्या खांद्यावरून मागे बघत होत्या. सगळाच हॉल मागे बघत होता. कात्रीकडे का बघत होते, देव जाणे.

"बरं," आजी बाईंना म्हणाल्या, "पोरांना रागवा हवं तर. पण मला खरं काय ते दाखवा. त्या छत्रीवर माझा संसार उभा आहे. करमत नाही म्हणणारे काय, चार जण होते."

आजोबा एकदम म्हणाले, "कोण चार जण?"

शेवट असा झाला. सत्यवान उभे राहिले आणि म्हणाले, फिल्ममधलं खोटं मी काढतो आणि खरं काय ते या माणसाच्या तोंडूनच घेतो, खाली पाटी देऊन की आवाज आजचा आहे. बाईंनी साहेबांकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "एक संधी. मंगळवारी मला नवी प्रत हवी." फिल्म वाचली. माझं काय, ते कुणी बोललं नाही. सत्यवान जाताना एवढंच म्हणाले, "जे घातलंस ते तुझ्याच हाताने पूस. मग बघू."

२३ तारीख, रविवार

मामाने घरी येऊन सगळं सांगितलं, वर मीठमसाला लावून. जेवताना बाबा आईला म्हणाले, "त्याला सांग, उभा राहून 'मी केलं' म्हणाला, ते बरं केलं."

"तो इथेच बसलाय," आई म्हणाली.

"म्हणून तर सांगतोय."

यात फरशीच्या दुकानाचं काय, ते स्पष्ट झालं नाही.

२५ तारीख, मंगळवार

आजोबांना माइकसमोर बसवलं. वाक्य सोपं. "छत्री बाजूला घे, काही दिसत नाही." सगळे ओठ बघत होते, आणि खरंच, तिथेही मध्ये "बाजूला"च्या ब-ला ओठ मिटतात, शेवटी "नाही". पण आजोबा म्हणत होते ते असं, जणू देवाची आरती.

"असा गोड नाही," आजी काचेतून म्हणाल्या. "वैतागून म्हणालास तेव्हा."

"आता वैताग येत नाही गं."

"येईल. थांब."

आजी आत गेल्या, पिशवीतून छत्री काढली, त्यांच्या नाकासमोर उघडून पडद्याकडे तोंड करून उभ्या राहिल्या. मग आतून असा खणखणीत, खरा, तरणा वैताग आला की मामाने माझ्याकडे बघून अंगठा वर केला. सत्यवानांचे डोळे भरून आले. सत्य पहिल्यांदाच त्यांच्या हाती इतकं ताजं लागलं असावं.

निघताना आजोबा माझ्या कानाशी आले. "ते तुमचं वाक्य जरा मोबाइलवर देता का? घरी भांडण झालं की लावीन."

"पुसून टाकलं, आजोबा. सकाळीच."

"माझ्याकडे आहे," कात्री मागून म्हणाली, आणि त्यांना पाठवून दिलं. संकलक लोक काहीच फेकत नाहीत. धंद्याची सवय.

मग मला म्हणाली, "बस. हेही ऐक," आणि हेडफोन माझ्या डोक्यावर ठेवला. बाबांच्या कोपऱ्यातला माइक होता, एकटा. आधी अपेक्षेप्रमाणे कॉलेज, फी, प्राध्यापक, टेबल. मग जरा थांबून, "केस वाढलेत. वेळेवर जेवतो की नाही कोण जाणे. मेव्हणा म्हणतो कामाला बरा आहे. त्या काचेमागे उभा असला की शहाणा दिसतो मात्र." आणि दुसऱ्या वेळी, माझं राहिलंय म्हणाले होते ना, तेव्हा पूर्ण वेळ एकच: "दिसतो बरा. दिसतो बरा."

यात टोमणा आहे हे उघड आहे. नेमका कुठे, ते अजून सापडलं नाही. तो ट्रॅक मी घरी न्यायला मागितला.

२८ तारीख, शुक्रवार

फिल्म मंजूर झाली. फक्त शेवटचा एक शॉट राहिला होता, आजचा पूल, बरोबर त्याच जागेवरून. चौकट जुन्याशी जुळवायला कठड्याशी दोन माणसं उभी करायची होती. सत्यवान म्हणाले, "तू जा, सायकल घेऊन. आणि कात्री, तू पुढे." म्हणजे मला काढलेलं नाही, असं धरून चालतो. छत्री आजींची होती, मागून आणलेली.

कॅमेरा लांब, सत्यवान कॅमेऱ्याशी. मामा आलाच नव्हता. "आवाज नकोय," त्यांनी हात वाजवून सांगितलं. "फक्त चित्र. मी हात खाली केला की मुलाने वळायचं."

मी ठरवून गेलो होतो. आज म्हणायचं. पूल तोच, जागा तीच, माइक नाही, मामा नाही, आणि ओठ जुळवायची भानगड नाही. रात्रभर पाठ केलं होतं. तिच्या मागे उभा राहिलो. ऊन होतं, खाली पाणी चमकत होतं. तिची मान, वेणी, आणि त्यापुढे ती भली मोठी काळी छत्री. सत्यवानांचा हात वर गेला होता की खाली आला होता, काही कळेना.

आणि माझ्या तोंडून निघालं, "छत्री बाजूला घे, काही दिसत नाही."

देवाशपथ, मुद्दाम नाही. खरंच दिसत नव्हतं.

ती वळली. छत्री मिटली आणि टोक माझ्या पोटात खुपसलं, चांगलं जोरात. मग तिथेच उभी राहिली.

"एवढंच?" ती म्हणाली. "आणि ते दुसरं? ते माझ्याकडे आहे म्हणून आता परत म्हणायचंच नाही का? वारा मी कुणासाठी काढायला लावला होता, अर्धवट?"

हा पूल पन्नास वर्षं उभा आहे. माझ्या पायांखाली आज तो पहिल्यांदाच हलला. वारा, वाढवलेले दोन सेकंद, रिकामी खुर्ची, दाराची कडी, सगळं एकदम आठवलं, आणि मामाचं "गाढवा" कुणाला होतं तेही कळलं.

मी म्हटलं. या वेळी ओठ कुणाचेच जुळवायचे नव्हते, तरी दोनदा अडखळलो. मग तिने उत्तर दिलं. छोटंसंच वाक्य.

"काय बोलताय रे तिथे?" सत्यवान लांबून ओरडले.

"काही नाही," आम्ही दोघंही म्हणालो.

तिने काय उत्तर दिलं ते मी इथे लिहिणार नाही. एक तर ताई. आणि दुसरं म्हणजे नियम. कॅमेरा चालू होता, आवाज बंद होता. फीत गोदामात जाईल. पन्नास वर्षांनी एखादा कॉलेज सोडलेला टोणगा ती पुन्हा पुन्हा मागे घेऊन तिचे ओठ मोजत बसेल, आरशासमोर उभा राहील, आणि त्याला जे कुणाला सांगायचं असेल ते तिच्या तोंडात घालेल. घालू दे बापडा.

बसणार मात्र नाही. मी करून पाहिलंय, त्या ओठांवर दुसरं काहीच बसत नाही.